चालणाऱ्या माणसांचा दिग्दर्शक : अ‍ॅलन क्लार्क

(द्वितीय वर्ष कला)

वार्षिक अंकासाठी एखाद्या थोर व्यक्तीचे चरित्र लिहून द्या, असे सरांनी सांगितले की आमच्या वर्गातून दरवर्षी तीच पाच-सहा नावे पुढे येतात. त्या नावांविषयी मला आदरच आहे. परंतु त्यांच्यावर माझ्यासारखीने नवे ते काय लिहावे? शिवाय मागच्या अंकातला लेख थोडा फिरवून पुढच्या अंकात दिला तरी कोणाच्या लक्षात येत नाही, हे आपण सारे जाणतोच. म्हणून यंदा मी अशा माणसाविषयी लिहीत आहे, की ज्याचे नाव या पावसाळ्यापर्यंत मी स्वतः ऐकले नव्हते. अ‍ॅलन क्लार्क हा ब्रिटिश दूरचित्रवाणीचा आणि चित्रपटाचा दिग्दर्शक. तो १९९० साली वारला, तेव्हा माझे आई-वडील शाळेत जाण्याच्या वयाचे होते. गेले नाहीत, ती गोष्ट निराळी.

ओळख झाली ती अशी. जुलै महिन्यात इंग्रजी विभागाच्या सरांनी चित्रपट मंडळात ‘मेड इन ब्रिटन’ नावाचा चित्रपट दाखवला. सभागृहाच्या पत्र्यावर पाऊस वाजत होता आणि पडद्यावर लंडनच्या पोरांचे इंग्रजी चालले होते. खाली उमटणाऱ्या अक्षरांच्या आधाराने जेवढे कळले तेवढेच कळले. निम्मी मुले शेवटच्या एस.टी.साठी मधूनच उठून गेली. मीही पिशवी उचलली होती. तेवढ्यात पडद्यावर एक फळा आला आणि मी पुन्हा खाली बसले.

ट्रेव्हर नावाचा सोळा वर्षांचा मुलगा खोलीत बसलेला आहे. डोके भादरलेले, दोन भुवयांच्या मध्ये स्वस्तिक गोंदलेले. आपल्या दारावरचे शुभचिन्ह नव्हे, नाझींचे. एका निरीक्षणगृहात त्याला आणून ठेवले आहे. तेथील अधीक्षक खडू हातात घेतो आणि फळ्यावर त्या मुलाचे आयुष्य काढून दाखवतो. शाळा, शाळा चुकवणे, चोरी, न्यायालय, निरीक्षणगृह, सुटका, बेकारी, पुन्हा चोरी, मग तुरुंग. आणि खडू फिरत फिरत पुन्हा पहिल्या जागी येतो. असा गोल. अधीक्षक काही दुष्ट मनुष्य नाही. तो मारत नाही, आणि जे सांगतो त्यात खोटेही काही नाही. प्रसंग बराच वेळ चालतो. पाहणाऱ्याला वाटू लागते की आता कोणीतरी हा फळा पुसावा. कोणी पुसत नाही.

माझा थोरला भाऊ, आम्ही त्याला दादाच म्हणतो, नववीत असताना शाळेतून बाहेर पडला. बाहेर पडला की काढला, याबद्दल घरात अजून दोन मते आहेत. त्याच्या शाळा सोडल्याच्या दाखल्यावर वर्तणुकीच्या रकान्यात जो शेरा आहे, तो मी येथे लिहीत नाही. एवढेच सांगते, की तो दाखला वडिलांनी पत्र्याच्या पेटीत तळाशी ठेवला आहे, आणि पुढे दोन ठिकाणी काम मिळत असताना दादाने तो दाखवायला नको म्हणून ते काम सोडले. फळ्यावरचा गोल पाहताना मला ती पेटी आठवली. पुढे त्याच चित्रपटात ट्रेव्हर आणि त्याचा सोबती एरॉल रात्री कचेरीत शिरून आपापल्या फायली काढतात, आपल्याविषयी काय लिहिले आहे ते वाचतात. नंतर त्या कागदांचे ते काय करतात, ते महाविद्यालयाच्या अंकात लिहिण्यासारखे नाही.

घरी आल्यावर मी क्लार्कविषयी मिळेल ते वाचू लागले, मोबाइलवर त्याची आणखी कामे पाहिली. वाचलेले आणि पाहिलेले मिळून जे चरित्र हाती लागले ते सांगते.

क्लार्कचा जन्म २८ ऑक्टोबर १९३५ रोजी वॉलसी या गावी झाला. मर्सी नदीच्या एका काठी वॉलसी, दुसऱ्या काठी लिव्हरपूल, आणि मध्ये ये-जा करणारी फेरीबोट. घर कामगारवर्गातले. १९४४ च्या शिक्षण कायद्याने इंग्लंडात अकराव्या वर्षीच्या परीक्षेत उतरलेल्या मुलांना ग्रामर स्कूलचे शिक्षण मोफत झाले होते. त्या दारातून जी पहिली मुले आत गेली, त्यांतला हा एक. पुढे सक्तीची लष्करी सेवा झाली, आणि मग तो सरळ कॅनडाला निघून गेला. तेथे त्याने सोन्याच्या खाणीत काम केले. खाणीतून निघून टोरंटोच्या रायर्सन या संस्थेत त्याने रेडिओ आणि दूरचित्रवाणीच्या अभ्यासक्रमाला नाव घातले. (ती संस्था पुढे विद्यापीठ झाली आणि २०२२ साली तिचे नावही बदलले.) खाणकामगाराला दूरचित्रवाणी शिकावीशी का वाटली असावी, याचा मी बराच विचार केला. माझे वडील मार्केट यार्डात पोती वाहतात. त्यांना कोणी असे विचारले असते तर ते हसले असते. पण क्लार्कला ते सुचले आणि त्याने ते केले.

१९६१ च्या सुमारास तो इंग्लंडात परतला आणि एका खाजगी दूरचित्रवाणी कंपनीत फ्लोअर मॅनेजरच्या कामाला लागला. म्हणजे स्टुडिओत कानाला यंत्र लावून, नटांना खुणा करीत, वायरी ओलांडत धावणारा माणूस. संध्याकाळी तो लंडनच्या ईलिंग भागातील क्वेस्टर्स या हौशी नाट्यसंस्थेत नाटके बसवी. आपल्याकडे हौशी रंगभूमीवर तालमी करून कितीतरी मंडळी पुढे आली, तसेच हे. १९६७ साली रेडिफ्यूजन कंपनीसाठी अर्ध्या-अर्ध्या तासाची नाटके दिग्दर्शित करण्याची संधी मिळाली. दोन-तीन पात्रे, एखाददुसरी खोली. अशी बरीच नाटके त्याने केली, आणि १९६९ पासून तो बीबीसीत आला.

येथे थोडे थांबून बीबीसीच्या त्या काळच्या नाटकांविषयी सांगावयास हवे, कारण त्याशिवाय क्लार्कचे काम कळणार नाही. ब्रिटनमध्ये तेव्हा वाहिन्या तीनच : बीबीसीच्या दोन आणि एक आयटीव्ही. बीबीसी चाले ती घरोघरच्या परवाना शुल्कावर, जाहिराती नाहीत. १९७० ते १९८४ या काळात ‘प्ले फॉर टुडे’ नावाच्या मालिकेत नवनवी नाटके दाखवली जात. मालिका म्हणजे रोजची तीच पात्रे नव्हेत. प्रत्येक वेळी नवा लेखक, नवी गोष्ट. सेन्सॉरचे प्रमाणपत्र नको, तिकीट नको. रात्री जेवण झाल्यावर गिरणीतला माणूस आणि प्राध्यापक दोघेही तेच नाटक पाहात आणि दुसऱ्या दिवशी त्यावर भांडत. मात्र नाटक बहुधा एकदाच, फार तर दोनदा दाखवले जाई. ध्वनिचित्रफिती महाग, म्हणून पुष्कळदा जुन्या फितीवरच नवे चित्रण करीत. क्लार्कची सुरुवातीची काही कामे अशीच पुसली गेली. त्याच्याबरोबरचे केन लोचसारखे दिग्दर्शक पुढे चित्रपटांमुळे जगभर ओळखले गेले. क्लार्क मात्र दूरचित्रवाणीलाच धरून राहिला. त्याने पन्नासाहून अधिक नाटके व चित्रपट केले, त्यांतले चित्रपटगृहात लागलेले तीनच.

त्या कामांची यादी वाचली तर एक गोष्ट लक्षात येते. ज्यांना कोठेतरी ठेवून दिले आहे, अशा माणसांकडे हा पुन्हा पुन्हा जातो. वृद्धाश्रम, मनोरुग्णालय, तुरुंग, लष्करी प्रशिक्षण केंद्र. ‘द हॅलेलुया हँडशेक’ (१९७०) मध्ये एकटेपणामुळे चर्चच्या मंडळांत शिरून थापा मारणारा माणूस आहे. ‘फनी फार्म’ (१९७५) मध्ये मनोरुग्णालयातला रात्रपाळीचा परिचारक. मधूनच ‘पेंडाज फेन’ (१९७४) सारखे निराळेच काहीतरी येते : खेड्यातला एका पाद्र्याचा मुलगा, त्याला पडणारी स्वप्ने, आणि जुना राजा पेंडा. डेव्हिड रडकिनचे हे नाटक तिकडे फार नावाजले गेले. मला ते दोनदा पाहूनही निम्मेच कळले, तरी ती हिरवी टेकडी विसरता येत नाही.

१९७२ सालच्या ‘टु एनकरेज दि अदर्स’ या नाटकाविषयी वाचले तेव्हा मात्र मी वही मिटून ठेवली होती. १९५२ च्या नोव्हेंबरात लंडनजवळ क्रॉयडन येथे एका वखारीच्या गच्चीवर दोन मुले चोरीसाठी चढली. त्यांतल्या सोळा वर्षांच्या ख्रिस्तोफर क्रेगने गोळी झाडली आणि एक पोलीस शिपाई मारला गेला. क्रेग लहान, म्हणून त्याला फाशी देता येईना. दुसरा, डेरेक बेंटली, हा बुद्धीने मंद आणि गोळी झाडली तेव्हा आधीच पोलिसांच्या ताब्यात. त्याला २८ जानेवारी १९५३ रोजी फाशी दिले. त्याचे वय एकोणीस. म्हणजे आज माझे आहे तेवढेच. क्लार्कने डेव्हिड यॅलपच्या पुस्तकावरून या खटल्याचे नाटक केले आणि प्रेक्षकांपुढे तो खटला पुन्हा उभा केला. बेंटलीवरील दोषारोप वरच्या न्यायालयाने रद्द केला तो १९९८ साली. तोवर बेंटलीचे आई-वडील गेले होते, आणि क्लार्कही.

आता ‘स्कम’. स्कम म्हणजे भांड्यावर येणारी घाण साय, गाळ. माणसांविषयी बोलताना शिवीच. क्लार्कच्या नावाबरोबर हे नाव कायमचे जोडले गेले आहे.

इंग्लंडात गुन्हेगार मुलांसाठी बोर्स्टल नावाच्या संस्था होत्या. केंट परगण्यातल्या बोर्स्टल या गावी विसाव्या शतकाच्या आरंभी पहिली निघाली म्हणून सगळ्यांनाच ते नाव. कल्पना चांगली होती : पोरांना सराईत कैद्यांत न टाकता शिस्त आणि काम शिकवावे. आपल्याकडेही ती आली. मुंबई इलाख्याचा बोर्स्टल स्कूल कायदा १९२९ चा आहे. पण भिंतींच्या आत काय चालते, हे रॉय मिंटन या लेखकाने बोर्स्टलमधून सुटलेल्या मुलांशी आणि तेथे काम केलेल्या माणसांशी बोलून गोळा केले. कार्लिन नावाचा मुलगा तेथे येतो. मुलांमध्ये एक दादा असतो, तिकडे त्याला डॅडी म्हणतात. कार्लिन मार खातो, मग त्या डॅडीला मारून स्वतः डॅडी होतो. आणि मग शिपाई व अधिकारी त्याच्याशीच करार करतात : तू मुलांना गप्प ठेव, आम्ही तुला स्वतंत्र खोली देतो. मला या सगळ्यात हा करार सर्वांत जास्त खरा वाटला. दुबळ्या मुलांचे तेथे काय होते, ते मी लिहीत नाही. त्यांतला एक रात्री मदतीसाठी घंटा वाजवतो. शिपाई येऊन त्यालाच दरडावून जातो. सकाळी तो मुलगा जिवंत नसतो.

यातच आर्चर नावाचा एक वाचणारा मुलगा आहे. तो कोणाला मारत नाही. नियमांनीच नियमवाल्यांना छळतो. आपण शाकाहारी आहोत, चामड्याचे बूट घालणार नाही, असे सांगून तो अनवाणी फिरतो. एका म्हाताऱ्या शिपायाबरोबर त्याला कॉफी मिळते, तेव्हा तो शांतपणे त्याला पटवू पाहतो की या भिंती मुलांइतक्याच शिपायांनाही खातात. शिपायाला राग येतो आणि तो आर्चरच्या नावावर तक्रार ठोकतो. हा प्रसंग दोन माणसे बसून बोलण्याचा आहे, बाकी काही नाही. आणि सगळ्या मारामारीपेक्षा तो जास्त लागतो.

कार्लिनचे काम रे विन्स्टन या विशीतल्या मुलाने केले. तो मुष्टियोद्धा, नाट्यशाळेने त्याला काढून टाकले होते. मित्रांबरोबर तो बीबीसीत नुसता गेला होता, आणि व्हरांड्यातून जाताना क्लार्कने त्याची चाल पाहून त्याला निवडले, असे विन्स्टनच पुढे सांगत आला. मुळात ती भूमिका ग्लासगोच्या मुलासाठी लिहिलेली होती. भाषा बदलता येईल, चाल बदलता येणार नाही, असा काहीसा क्लार्कचा हिशेब असावा.

१९७७ साली नाटक तयार झाले आणि बीबीसीच्या वरिष्ठांनी ते दाखवायचे नाही असे ठरवले. कारण असे, की यातली एकेक घटना कोठे ना कोठे घडली असेलही, पण त्या सगळ्या एकाच ठिकाणी, थोड्या दिवसांत घडलेल्या दाखवल्या तर प्रेक्षकाची दिशाभूल होते. शिवाय नाटक इतके खऱ्यासारखे दिसते, की लोक तो माहितीपटच समजतील. मला या आक्षेपाचा पहिला भाग अगदीच टाकाऊ वाटत नाही. नाटककार नेहमीच वर्षाची गोष्ट दीड तासात सांगतो, पण त्या दीड तासावरून एखादी संस्था ओळखली जाऊ लागली तर तिथल्या बऱ्या माणसांवर अन्याय होतो. दुसरा भाग मात्र मला हास्यास्पद वाटतो. नाटक खोटे वाटते म्हणून आक्षेप घेणारे पुष्कळ भेटतात. खरे वाटते म्हणून बंदी, हे मी प्रथमच ऐकले.

क्लार्क गप्प बसला नाही. मिंटनची तीच संहिता, विन्स्टन आणि आणखी काही तीच मुले घेऊन त्याने १९७९ साली ‘स्कम’ पुन्हा, चित्रपटगृहासाठी केला. एकच काम दोनदा करावे लागणे म्हणजे काय, हे ज्याची प्रॅक्टिकलची वही हरवली आहे त्याला कळेल. चित्रपट चालला, गाजला. १९८३ साली तो चॅनल फोरवर दाखवला, तेव्हा नीतिरक्षणासाठी झगडणाऱ्या मेरी व्हाइटहाउस यांनी न्यायालय गाठले. त्या आधी जिंकल्या आणि अपिलात हरल्या. त्याच सुमारास, १९८२ च्या कायद्याने, बोर्स्टल ही व्यवस्थाच मोडीत निघाली. ती ‘स्कम’मुळे गेली असे म्हणण्याइतका पुरावा माझ्याजवळ नाही आणि मी तसे म्हणणार नाही.

यानंतरची काही वर्षे भरभर सांगते. जर्मन नाटककार ब्रेख्तचे ‘बाल’ त्याने १९८२ साली गायक डेव्हिड बोवीला घेऊन केले. स्नूकरच्या खेळावर एक संगीतप्रधान चित्रपट केला, तो पडला. आणि याच काळात त्याच्या हाती स्टेडिकॅम आला.

स्टेडिकॅम म्हणजे काय, ते मला आमच्या सरांनी समजावले. चालणाऱ्या माणसाबरोबर कॅमेरा न्यायचा तर पूर्वी जमिनीवर रूळ टाकावे लागत; नाहीतर कॅमेरा हातात धरावा लागे आणि चित्र हिंदकळे. गॅरेट ब्राऊन या अमेरिकन छायालेखकाने १९७० च्या दशकात एक साज तयार केला : तो अंगावर चढवायचा, त्याला स्प्रिंगचा हात, आणि त्यावर कॅमेरा. माणूस पळाला, पायऱ्या चढला, तरी चित्र पाण्यावरच्या होडीसारखे स्थिर. इतरांनी ही युक्ती चमत्कृतीसाठी वापरली. क्लार्कने ती लावली साध्या चालण्याला. १९८२ साली चित्रित झालेला आणि १९८३ साली आयटीव्हीवर दाखवलेला ‘मेड इन ब्रिटन’ हा त्याचा पहिला प्रयोग. लेखक डेव्हिड लेलंड, छायालेखक ख्रिस मेंजेस. ट्रेव्हर चालतो, आणि आपण त्याच्या पुढे, मागे, खांद्याशी चालतो. उपदेश करायला थांबता येत नाही; थांबलो तर तो पुढे निघून जाईल.

याच चालण्यामुळे मी अडचणीत आले. ट्रेव्हरमध्ये मला दादा दिसत होता. पोरगा हुशार आहे, बोलण्यात अधिकाऱ्यांना ऐकत नाही. रोजगार कार्यालयाच्या काचेवर तो दगड घालतो तेव्हा, खरे सांगायचे तर, मला बरे वाटले. पण त्याच्यावरचा मूळ आरोप काय आहे? शाहनवाज नावाच्या पाकिस्तानी गृहस्थाच्या खिडकीतून वीट फेकल्याचा. आणि रात्री तो पुन्हा त्याच घरापाशी जातो, एरॉलला बरोबर घेऊन. एरॉल स्वतः काळा. दोघे शिव्या देत दगड मारतात. कॅमेरा ट्रेव्हरजवळच आहे, म्हणजे मीही दगड मारणाराच्या जवळ उभी आहे; आणि काचेच्या आत जे घाबरून बसले असतील ते तर माझ्या घरच्यांसारखे दिसणारे लोक. त्यांचा रंग माझा, त्यांची आई माझ्या आईसारखी ओढणी-पदर सावरणारी. मी कोणाबरोबर चालत आले होते? सभागृहात दिवे लागले तेव्हा कोणी काही बोलले नाही. सरांनीही त्या दिवशी चर्चा घेतली नाही.

क्लार्कविषयी माझी एक तक्रार याच जागी आहे. तो दगड मारणाऱ्याला समजून घ्यायला इतका वेळ देतो, पण शाहनवाजच्या दारातून आत जात नाही. त्याचा दुसरा एक चित्रपट ‘रिटा, सू अँड बॉब टू’ (१९८७) ब्रॅडफर्ड शहरात घडतो. तेथे पाकिस्तानी वस्ती मोठी, आणि चित्रपटात अस्लम नावाचा तरुण आहे, पण तो सूच्या गोष्टीत आला तेवढाच. अर्थात ती गोष्ट आंड्रिया डनबार या लेखिकेने आपल्याच वसाहतीतल्या मुलींवर लिहिलेली होती. ती त्याच वसाहतीत राहिली आणि १९९० साली, वयाच्या अवघ्या २९ व्या वर्षी वारली. दोन शाळकरी मुली आणि एक विवाहित पुरुष, अशी ती गोष्ट. लोक तिला हसतात. मला सगळीकडे हसू आले नाही.

मुलींच्या चालण्याचे म्हणाल तर ‘ख्रिस्टीन’ (१९८७) पाहावा. एक शाळकरी वयाची मुलगी हातात प्लॅस्टिकची पिशवी घेऊन नीटनेटक्या बंगल्यांच्या रस्त्यांवरून चालते. एका घरी जाते, दुसऱ्या घरी जाते. पिशवीत हेरॉइन आहे. मुले-मुली सोफ्यावर बसून सुई टोचून घेतात आणि शाळेच्या, कोणाच्या तरी वाढदिवसाच्या गप्पा मारतात. पुन्हा चालणे. पोलीस नाही, रडारड नाही, आई-बाप तर दिसतच नाहीत. त्याच वर्षीच्या ‘रोड’ मध्ये बेकार नवऱ्याची बायको रस्त्याने चालत चालत त्याच्याविषयी बोलते. राग आणि माया एकाच दमात. मूळ जिम कार्टराईटचे रंगमंचावरचे नाटक. क्लार्कने ते खाणकामगारांच्या ईझिंग्टन या गावच्या खऱ्या रस्त्यांवर नेले. लेस्ली शार्प या अभिनेत्रीचे ते बोलणे मी घरी ऐकत होते, तेव्हा आई भाकरी थापता थापता थांबली. भाषा कळत नव्हती. तरी ही बाई नवऱ्याविषयीच बोलते आहे ना, असे तिने विचारले.

१९८९ च्या जानेवारीत ‘एलिफंट’ दाखवला गेला. उत्तर आयर्लंडमध्ये तेव्हा कॅथॉलिक आणि प्रॉटेस्टंट यांच्या संघर्षात वर्षानुवर्षे माणसे मारली जात होती. दिवाणखान्यात हत्ती बसला आहे आणि घरातली माणसे त्याच्याविषयी न बोलता वावरत आहेत, अशी त्या परिस्थितीला बर्नार्ड मॅक्लॅव्हर्टी या लेखकाने दिलेली उपमा. तिच्यावरून हे नाव. ३९ मिनिटांत १८ खून. एक माणूस चालत येतो, पोहण्याच्या तलावावर, पेट्रोल पंपावर, कारखान्यात. दुसऱ्याला गोळी घालतो. चालत निघून जातो. कॅमेरा प्रेतावर थांबतो. मग दुसरा माणूस चालू लागतो. मारणारा कोण, मरणारा कोणत्या पंथाचा, काही सांगितलेले नाही. संवाद जवळजवळ नाहीतच. पाचव्या-सहाव्या खुनानंतर मला कंटाळा आला, आणि कंटाळा आल्याचे ध्यानात आले तेव्हा माझीच मला भीती वाटली. या कामाचा निर्माता होता डॅनी बॉईल. पुढे ज्याने मुंबईत ‘स्लमडॉग मिल्यनेर’ केला तोच. २००३ साली गस व्हॅन सँट या अमेरिकन दिग्दर्शकाने शाळेतल्या गोळीबारावर चित्रपट केला, त्याला क्लार्कच्या या कामावरून ‘एलिफंट’ हेच नाव दिले. त्या चित्रपटाला कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला.

त्यानंतर महिनाभरात आलेला ‘द फर्म’ हे क्लार्कचे शेवटचे काम. फुटबॉलच्या निमित्ताने टोळ्या करून मारामाऱ्या करणारे लोक म्हणजे बेकार पोरे, असा सार्वत्रिक समज. क्लार्कने दाखवलेला टोळीनायक बेक्स हा घरे विकणारा दलाल आहे. त्याला चांगली मिळकत, घर, बायको, लहान मूल. गॅरी ओल्डमनने ही भूमिका अशी केली आहे, की बेक्स आवडू लागतो. येथेही मला शंका येते. ‘स्कम’चा कार्लिन, ‘द फर्म’चा बेक्स यांना डोक्यावर घेणारे प्रेक्षक निघाले, आणि ते क्लार्कला काय म्हणायचे होते ते समजूनच निघाले असे नाही. न्यायनिवाडा न करता नुसते बरोबर चालण्याची किंमत ही असावी.

फुफ्फुसाच्या कर्करोगाने क्लार्क २४ जुलै १९९० रोजी लंडनमध्ये वारला. वय ५४. पुढच्याच जुलैत, म्हणजे १९९१ साली, बीबीसीने १४ वर्षे कपाटात ठेवलेला मूळ ‘स्कम’ प्रथमच दाखवला. तेव्हा ना बोर्स्टल उरली होती, ना ‘प्ले फॉर टुडे’, ना दिग्दर्शक. २०१६ साली ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने बीबीसीसाठी त्याने केलेली, शिल्लक राहिलेली नाटके एकत्र प्रसिद्ध केली.

दिवाळीच्या सुट्टीत मी दादाला ‘मेड इन ब्रिटन’ दाखवला. तो हमरस्त्यावरच्या पंक्चरच्या दुकानात कामाला आहे. गिऱ्हाईक नसेल तेव्हा टायरच्या ढिगावर बसून त्याने तो दोन दिवसांत तुकड्या-तुकड्यांनी पाहिला. अर्थ मी सांगत होते. फळ्याचा प्रसंग त्याने पुन्हा एकदा लावायला सांगितला आणि त्यावर काही बोलला नाही. शाहनवाजच्या घराच्या वेळी मात्र मान हलवून पाना हातात घेतला. सगळे संपल्यावर, हा पोरगा खरोखरच तुरुंगातला का, असे त्याने विचारले. मी म्हटले, नाही, टिम रॉथ नावाचा नट आहे, त्याचे हे पहिलेच काम. मग त्याने मुलाखतींतून सांगितलेली हकीकत मी दादाला सांगितली : कामावरून परत जाताना त्याची सायकल पंक्चर झाली, पंप मागायला तो एका ओळखीच्या नाट्यगृहात शिरला, आणि तेथे या भूमिकेसाठी मुले पाहात असल्याचे त्याला कळले. दादा प्रथमच हसला. आणि पंपाचे काय झाले, हवा भरून मिळाली का, एवढे विचारून तो समोर थांबलेल्या ट्रॅक्टरकडे गेला.